जपानी रीत, जर्मन गाव आणि माझी रूममेट

राइनकाठची :
परवा दुसऱ्या एका धाग्यावर मी माझ्या जपानी रूममेटचा बिअरचा किस्सा दोन ओळींत सांगितला आणि लगेच "सविस्तर येऊ द्या", "वेगळा धागा काढा" सुरू झालं. घ्या, काढला. तिला विचारूनच लिहितेय. "नाव घालू नकोस, बाकी काहीही लिही, आमच्या आईला मराठी वाचता येत नाही," असं म्हणाली.

आधी थोडं गावाबद्दल. मी ड्युसेलडॉर्फला राहते. १९५० च्या दशकात रूर भागातलं पोलाद आणि यंत्रं घ्यायला जपानी कंपन्या इथे आल्या आणि इथल्याच झाल्या. आज शहरात आठेक हजार जपानी असतील. मुख्य स्टेशनाजवळच्या इमरमान रस्त्यावर जपानी बेकऱ्या, पुस्तकांची दुकानं, रामेनसाठी लागलेल्या रांगा. राइनच्या पलीकडे १९७१ पासूनची जपानी शाळा. म्हणजे जर्मनीत राहून जर्मनीशी संबंध न ठेवता वर्षं काढायची सगळी सोय आहे. माझ्या रूममेटला नेमकं तेच नको होतं. ती जपानातल्या नारा शहराची, सव्वीस वर्षांची. नोकरी धरली जर्मन कंपनीत आणि घरही मुद्दाम आमच्यासारखं शोधलं: एक जर्मन, एक मराठी आणि एक ती.

लोकांना वाटतं की बिचारीला इथल्या पद्धती माहीत नसतील. छे! ती पाठ करून आली होती. तिला नडतो तो सभ्यपणा. तो कुठे थांबवायचा हे तिला कळत नाही आणि समोरच्याला तो सुरू झालाय हेच कळत नाही.

तर बिअर. इथल्या जुन्या गावात आल्टबिअर मिळते, पाव लिटरच्या छोट्या ग्लासात. निळा अॅप्रन बांधलेला वेटर, त्याला क्योबेस म्हणतात, ट्रे घेऊन फिरतच असतो. तुमचा ग्लास रिकामा दिसला की न विचारता भरलेला ठेवतो आणि ग्लासाखालच्या पुठ्ठ्यावर पेन्सिलीने एक रेघ मारतो. पुरे झालं तर तो पुठ्ठा ग्लासावर झाकण म्हणून ठेवायचा. ठेवला नाही तर बिअर येत राहते. जपानात उलटं. तिथे आपला ग्लास आपण भरायचा नाही, शेजारचा भरतो, आणि पुरे झालं की ग्लास भरलेलाच राहू द्यायचा.

ऑफिसच्या मंडळींबरोबर ही पहिल्यांदा गेली. तिसऱ्या ग्लासानंतर नियमाप्रमाणे ग्लास भरलेला ठेवून बसली. शेजारचा सहकारी म्हणाला, "आवडली नाही का? कोमट होईल." आता न आवडल्याचं कसं दाखवणार? संपवली. क्योबेसने दुसरी ठेवली. हिला वाटलं, यजमान आग्रह करतायत. उठून, वाकून आभार मानले. इथल्या क्योबेसांची ख्याती तिरकस बोलण्याबद्दल. त्या माणसाला आयुष्यात कुणी वाकून नमस्कार केला नसावा, तो विरघळलाच आणि हिच्याकडे जास्त लक्ष देऊ लागला. शेवटी पलीकडच्या टेबलावरच्या एका आजोबांना दया आली. त्यांनी हात लांब करून पुठ्ठा हिच्या ग्लासावर ठेवला. हिला वाटलं, माशी पडू नये म्हणून. त्यांचेही आभार मानले आणि पुठ्ठा काढून पुन्हा प्यायला लागली.

घरी कशी आली ते तिलाही आठवत नाही. बूट मात्र दाराशी व्यवस्थित, टाचा आतल्या बाजूला करून लावलेले होते.

गप्पिष्ट_गावकरी :
हहपुवा! त्या क्योबेसचा पत्ता द्या, मी पण वाकून येतो.

नागोया_रिटर्न :
मस्त धागा. मी जपानात बरीच वर्षं काढली, त्यामुळे मला तिची बाजू पुरती कळते. एक विचारू का? आंघोळीचं काय केलं तिने?

राइनकाठची :
@नागोया_रिटर्न, तुम्ही दुखऱ्या नसेवर बोट ठेवलंत.

बाकीच्यांसाठी: जपानात टब हा अंग धुण्यासाठी नसतो. आधी बाहेर स्टुलावर बसून साबण लावून स्वच्छ व्हायचं, बाहेरच पाणी ओतायचं, आणि मग नुसतं गरम पाण्यात डुंबायला टबात उतरायचं. ते पाणी अख्खं घर एकामागून एक वापरतं. जर्मन फ्लॅटच्या बाथरूममध्ये टबाबाहेर जमिनीला पाणी जायला जागाच नसते. हिने पहिल्या रविवारी रीतसर बाहेर बसून स्नान केलं. खालच्या मजल्यावरच्या काकूंच्या छताला नकाशा उमटला. नशिबाने इथे बहुतेक लोक दुसऱ्याच्या नुकसानभरपाईचा विमा काढून ठेवतात, तोही तिने पुस्तक वाचून आधीच काढला होता.

पण खरी गंमत टबातली. बाहेरचा पूर झाल्यावर तिने टबातलं गरम पाणी आमच्यासाठी राखून ठेवलं, वर टॉवेल पसरून, निवू नये म्हणून. आमच्या जर्मन रूममेटने ते पाहिलं, "कुणीतरी पाणी सोडायला विसरलंय" असं पुटपुटत बूच काढलं, वर टब घासूनही ठेवला. जपानी बाईने पहिल्या आंघोळीचा मान स्वतः घेतल्याबद्दल माफी मागायला तोंड उघडलं तर जर्मन बाई म्हणाली, "हरकत नाही, पण पुढच्या वेळी आपापला टब धूत जा." दोघींनी एकमेकींवर उपकार केले आणि दोघी दोन दिवस रुसून होत्या.

स्टुटगार्टची_सून :
अगं, आमच्या सासूबाई पहिल्यांदा आल्या तेव्हा बादली आणि तांब्या घेऊन हेच केलं होतं! छत, काकू, सगळं सेम. मोरी नसलेलं न्हाणीघर ही कल्पनाच आपल्या लोकांना झेपत नाही.

नाकाचा काही किस्सा नाही का? माझ्या ऑफिसात एक जपानी मुलगा होता, हिवाळाभर नाक ओढत बसायचा. चारचौघांत नाक शिंकरणं त्याच्या लेखी असभ्य. आणि जर्मनांना नाक ओढलेलं अजिबात खपत नाही, ते भर मीटिंगमध्ये रुमाल काढून तुतारी फुंकतात. शेवटी एकीने त्याच्या टेबलावर टिश्यूचा खोका ठेवला. तो भेट समजून दुसऱ्या दिवशी तिच्यासाठी बिस्किटं घेऊन आला.

राइनकाठची :
खोका आमच्याकडेही ठेवला गेलाय :) बिस्किटंही गेली.

वाकडं_बोट :
किस्से रंजक आहेत पण एका मुलीवरून अख्खा जपान आणि एका वेटरवरून अख्खी जर्मनी असं चाललंय. जपानी म्हणजे वाकणारे, जर्मन म्हणजे ठोकळे, हे साचे आता जुने झाले. आपल्याला कुणी नाग, हत्ती आणि करी म्हटलं की आपण चिडतो ना?

राइनकाठची :
मुद्दा मान्य. तिला वाचून दाखवला. तिचं म्हणणं, "माझी धाकटी बहीण असती तर दुसऱ्याच ग्लासाला त्याला हात दाखवून थांब म्हणाली असती." म्हणजे हा स्वभाव तिचा, देशाचा नाही, असं धरून चला. पण मग तिने असंही जोडलं की बहिणीला घरात सगळे "फारच परदेशी वळणाची" म्हणतात. आता यातून काय घ्यायचं ते तुम्ही ठरवा.

कोथरूडचा_सेन्सेई :
वाकडं_बोट, एवढं मनावर घेऊ नका हो. मी पुण्यात जपानी शिकवतो. इथे वर्गात बसून जपानी शिकणारी पोरं ढिगाने आहेत, आणि पहिल्या दिवसापासून आम्ही हेच शिकवतो की नियम पाठ करा, पण समोरचा कुठला नियम पाळतोय ते आधी बघा.

इशाऱ्यांचं विचारायचं होतं. जपानी लोक माणसाला जवळ बोलावताना तळवा खाली करून बोटं हलवतात, आपल्यासारखंच. युरोपात ते "जा जा" वाटतं असं ऐकलंय. खरं का?

राइनकाठची :
अहो सर, एकदम खरं. ऑफिसात नवा शिकाऊ मुलगा आला होता. ही कॉरिडॉरच्या टोकाला उभी राहून त्याला हाताने बोलावतेय. तो थबकला, दोन पावलं मागे गेला. हिला वाटलं लाजतोय, म्हणून जोरात हात हलवला. तो आणखी मागे. शेवटी तो किचनमध्ये शिरला आणि दार लावून घेतलं. तासाभराने मॅनेजरकडे जाऊन विचारत होता, "माझं काही चुकलं का?" आणि तिचा विषय निघाला की ती स्वतःच्या नाकाकडे बोट करते, "माझ्याबद्दल म्हणतोयस?" या अर्थाने. आपण छातीकडे बोट करतो तसं. पोराला वाटलं, नाकाला काहीतरी लागलंय.

पंचगंगेकाठचा :
ते सगळं असू दे ताई, खायचं सांगा. तिकडचं कच्चं मांस खाल्लं का नाही तिनं?

राइनकाठची :
मेट! म्हणजे कच्च्या डुकराचा खिमा, मीठ-मिरी घालून, अर्ध्या पावावर थापून, वर कांदा. जर्मन लोक सकाळी नाश्त्याला खातात. पार्टीला तर त्याचा साळिंदर करतात, कांद्याच्या काड्यांचे काटे आणि ऑलिव्हचे डोळे लावून.

आता ही मुलगी कच्चा मासा खाते, गरम भातावर कच्चं अंडं फोडून खाते, आणि ऑफिसातले लोक त्यावरून तिची टिंगल करायचे. एका शुक्रवारी साळिंदर टेबलावर आला. हिने विचारलं, शिजवलंय का? नाही. कसलं आहे? डुक्कर. हिचा चेहरा पांढराफटक. जपानात डुकराचं मांस कच्चं खायला द्यायला २०१५ च्या जूनपासून हॉटेलांना कायद्याने बंदी आहे. हे तिने अगदी नम्रपणे सांगितलं. समोरून उत्तर आलं, "पण तुम्ही तर मासा कच्चा खाता!" "हो, पण मासा." दोन्ही बाजू एकमेकांकडे रानटी म्हणून बघत होत्या आणि मी शाकाहारी, डबा उघडून दोघींच्या मधोमध. (मी त्या दिवशी तिच्या ऑफिसात चावी द्यायला गेले होते.)

पंचगंगेकाठचा :
कच्चं डुक्कर, सकाळी सकाळी. आणि आमच्या तांबड्या रश्श्याला पुण्याची माणसं नाकं मुरडतात. असू दे.

स्टुटगार्टची_सून :
गोडाचं उलटं होतं बघ. उकडलेल्या डाळी-कडधान्यात साखर घालून गोड करायचं हे जर्मनांना पटत नाही. जपानी आंको खाऊन यांना वाटतं चॉकलेट आहे, आणि मग तोंड वाकडं. मी ऑफिसला पुरणपोळी नेली होती तेव्हा हाच प्रकार. एकट्या जपानी मुलाने तीन खाल्ल्या आणि विचारलं, "आत आंको पिवळी कशी?"

राइनकाठची :
अगदी अगदी! आमच्या घरी होळीला पुरणावरून तिच्यामाझ्यात भांडण होतं, वाटून झाल्यावर भांडं कोण चाटणार याचं. उलट जर्मन लोकांची दुधातली गोड भाताची खीर मी आवडीने खाते आणि ती टेबल सोडून उठते. भातात साखर म्हणजे तिच्या मते पाप. पुरण चालतं, खीर नाही. कुठे रेघ मारली आहे ते मला अजून कळलेलं नाही.

नागोया_रिटर्न :
ट्रेनचं काय म्हणते? जपानात राहून आलेल्याला जर्मन रेल्वे म्हणजे शिक्षा.

राइनकाठची :
त्यावर ती बोलत नाही, फक्त उसासा टाकते. तिच्या देशात २०१७ मध्ये त्सुकुबा एक्स्प्रेसची गाडी वेळेच्या २० सेकंद आधी सुटली म्हणून कंपनीने जाहीर माफी मागितली होती. उशीर झाला तर स्टेशनवर तसा दाखला मिळतो, तो ऑफिसात दाखवायचा. जर्मन रेल्वे सहा मिनिटांच्या आतल्या उशिराला उशीरच धरत नाही.

सुरुवातीला ती कलोनहून येताना गाडी अर्धा तास लेट झाली. ही तिकीट तपासनिसाकडे गेली आणि दाखला मागितला. तो म्हणाला, "कशाला?" "ऑफिसात दाखवायला, नाहीतर विश्वास ठेवणार नाहीत." तो इतका हसला की शेजारच्या डब्यातले लोक बघायला आले. म्हणाला, "बाई, गाडी वेळेवर आली तर दाखला लागेल. उशिरावर सगळ्यांचाच विश्वास आहे."

गप्पिष्ट_गावकरी :
हा तपासनीस मूळचा कल्याणचा असावा.

कोथरूडचा_सेन्सेई :
व्हॅलेंटाइनचा घोटाळा झाला असणारच. जपानात त्या दिवशी बायका पुरुषांना चॉकलेट देतात, त्यातही ऑफिसातल्या साहेबांना आणि सहकाऱ्यांना कर्तव्य म्हणून द्यायचं वेगळं चॉकलेट असतं. मग १४ मार्चला पुरुषांनी परतफेड करायची.

राइनकाठची :
सर, तुम्हाला सगळं आधीच कळतं. झाला. ऑफिसातल्या सगळ्या पुरुषांना, हृदयाच्या आकाराची, एकसारखी. दोन लग्न झालेल्यांनी घरी नेली आणि घरी विचारपूस झाली. एक अविवाहित गृहस्थ तिच्याशी गोड बोलायला लागले, मग त्यांना कळलं की साठीच्या अकाउंटंटलाही तेच हृदय मिळालंय. १४ मार्चला ती परतफेडीची वाट बघत बसली. एकानेही काही आणलं नाही. "फार कोरडे लोक," असं तिने आईला फोनवर सांगितलं.

पण सगळ्यात भारी टायचा किस्सा आहे. तो नीट सांगते.

इथला कार्निव्हल मोठा. रोझ मंडेच्या, म्हणजे कार्निव्हलच्या मुख्य सोमवारच्या, आधीच्या गुरुवारी बायकांचं राज्य असतं. ११ वाजून ११ मिनिटांनी त्या नगरपालिकेवर चाल करून जातात आणि दिवसभर दिसेल त्या पुरुषाचा टाय कात्रीने कापतात. जाणते लोक त्या दिवशी टाय घालत नाहीत किंवा जुनाट घालून येतात. नेमक्या त्या गुरुवारी तिच्या कंपनीत ओसाकाहून ग्राहक आलेले. त्यांचे प्रमुख साठीचे, गंभीर, गळ्यात निळा रेशमी टाय. ऑफिसातल्या बायकांनी ठरवलं की त्यांचा टाय त्यांच्याच देशाच्या मुलीने कापायचा, आणि हिच्या हातात कात्री दिली.

आता हिची अवस्था बघा. नाही म्हणावं तर सगळ्या बायकांचा विरस, कापावा तर ग्राहकाचा अपमान. हिने मधला मार्ग काढला. त्यांच्यासमोर गेली, कमरेत वाकली, जपानीत रीतसर क्षमा मागितली, "आपल्याला फार त्रास देतेय" वगैरे सगळं, आणि टायच्या टोकाचा एक सेंटीमीटर कापला. ते गृहस्थ दगड. मागून बायका ओरडायला लागल्या, "गाठीजवळून! गाठीजवळून!" ही पुन्हा वाकली, पुन्हा क्षमा मागितली, आणखी थोडा कापला. पुन्हा आरडाओरडा. असं हप्त्याहप्त्याने, प्रत्येक वेळी वाकून, टाय गाठीपर्यंत नेला. त्या माणसानेही प्रत्येक नमस्काराला उलट नमस्कार केला, कारण तो तरी काय करणार? शेवटी खाली पडलेले तुकडे तिने गोळा केले आणि दोन्ही हातांनी त्यांना परत दिले.

त्यांनी ते घेतले, खिशात ठेवले आणि हळू आवाजात विचारलं, "आमच्या कोटेशनमध्ये काही त्रुटी होती का?"

नागोया_रिटर्न :
कोटेशन!!! चहा सांडला कीबोर्डवर.

स्टुटगार्टची_सून :
मग ऑर्डर गेली का राहिली?

राइनकाठची :
राहिली. संध्याकाळी कुणीतरी त्यांना प्रथा समजावून सांगितली. पुढच्या वर्षी त्यांनी स्वतः सुचवून मीटिंग त्याच गुरुवारी ठेवली आणि बरोबरच्या तिघांनाही टाय घालून आणलं. स्वस्तातले होते असं ती सांगते, तिने बरोबर ओळखले.

वाकडं_बोट :
बरं, आता खरोखर हसलो. पण फक्त तीच फसते का? जर्मनांची फजिती तिच्यामुळे कधी झाली नाही?

राइनकाठची :
तुमच्यासाठी शेवटचा. तिच्या ऑफिसातलं एक जोडपं सुट्टीत जपानला निघालं. ही शिष्टाचार म्हणून बोलून गेली, "नाराकडे आलात तर आमच्या घरी जरूर या." आपल्याकडे "या एकदा घरी" म्हणतात, तेवढ्याच अर्थाने. जर्मनांनी तिथल्या तिथे डायरी काढली. तारीख, वेळ १५:००, पत्ता, आईवडलांचे ईमेल. आता नाही कसं म्हणणार?

आईने दोन दिवस घर घासलं, वडलांनी बागेतली पानं वेचली, मोठ्या हॉटेलातून सुशी मागवली. पाहुणे १४:५९ ला दारात. बूट काढले, भेट दिली आणि परतीची भेट मिळाली ती तिथेच टराटरा उघडून बघितली. इथवर ठीक. साडेपाचला आईने विचारलं, "आणखी थोडा चहा घेणार का?" तिकडे असं विचारलं की "नको, आता निघतो" म्हणायचं असतं. पाहुणे म्हणाले, "हो, आनंदाने." पुन्हा चहा. सहा वाजता पुन्हा तोच प्रश्न, तेच उत्तर. सात वाजता वडील घड्याळाकडे बघून म्हणाले, "उद्या लवकर उठायचंय मला." पाहुण्यांनी भाषांतराच्या अॅपवर ते वाचलं आणि लिहून दाखवलं, "तुम्ही खुशाल झोपा, आम्ही बाईंशी बोलत बसतो." आईने सुशीनंतर भात, भातानंतर फळं, फळांनंतर पुन्हा चहा आणला. पाहुण्यांच्या मते न खाणं म्हणजे अपमान, त्यामुळे त्यांनी ताटात दाणा ठेवला नाही. आईच्या मते रिकामं ताट म्हणजे पाहुणे अजून भुकेले.

साडेनऊला शेजारणीने दार वाजवलं तेव्हा कुठे पाहुणे गेले.

परत आल्यावर ऑफिसात अख्खा आठवडा कौतुक चालू होतं: असं आदरातिथ्य जगात नाही, निघूच देत नव्हते. पुढच्या वर्षी चार दिवस राहायला जाणार आहेत. तारखा आईला ईमेलने कळवल्याही, आणि आईचं उत्तर आलंय की आम्ही डोळ्यांत प्राण आणून वाट बघतोय.

गप्पिष्ट_गावकरी :
बिचारी माउली. तिला म्हणावं, त्या आठवड्यात आमच्याकडे गावाला ये. आम्ही "आणखी चहा?" असं विचारतच नाही, थेट ओततो.